तिहेरी ओझं आणि बाबासाहेब



आपल्या विहाराच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत परमपूज्य बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे चरित्र यावे यात नवल नाही. जन्म महूला, शिक्षण अमेरिकेला आणि विलायतेला, महाडचे तळे, देशाची घटना आणि नागपूरची दीक्षा, एवढे तर आपल्या वस्तीतले चौथीतले पोरसुद्धा घडाघडा म्हणून दाखवते. मग पुन्हा तेच कशाला लिहायचे, असा प्रश्न कुणी विचारील. माझे म्हणणे एवढेच आहे की, त्या चरित्राकडे एका वेगळ्या बाजूने बघावे.

माणसाच्या पाठीवर एकच ओझे नसते. जातीचे असते, गरिबीचे असते, आणि बाईच्या पाठीवर बाईपणाचे असते. ही ओझी वेगवेगळी ठेवलेली नसतात, एकावर एक बांधलेली असतात. शिवाय गंमत अशी की, एका बाजूने दबलेला माणूस दुसऱ्या बाजूने कुणाला तरी दाबत असतो. बाबासाहेबांनी हे ओळखले. नुसते पुस्तकात वाचून नाही, अंगावर सोसून ओळखले. त्यांच्या आयुष्यातला हा एक धागा धरून मी लिहितो आहे.

पैसा होता, पण गाडी मिळाली नाही

१४ एप्रिल १८९१ रोजी महूच्या लष्करी छावणीत भीमराव जन्मले. वडील रामजी सकपाळ फौजेत सुभेदार, लष्करी शाळेत शिकवणारे. म्हणजे त्या काळी आपल्या समाजातल्या हजारो घरांपेक्षा हे घर बरे होते. घरात अक्षर होते, वाचन होते, पेन्शन होती. फौजेची नोकरी नसती तर हे झाले नसते. बाबासाहेबांनाही पुढे फौजेतल्या नोकरीचे हे मोल पुरेपूर ठाऊक होते.

पण हे बरे असणे किती पातळ होते ते १९०१ साली कळले. वडील सातारा जिल्ह्यात दूर गावी खजिनदाराच्या नोकरीवर होते. सुट्टीत त्यांना भेटायला भीमराव, भाऊ आणि बहिणीचे मूल अशी पोरे साताऱ्याहून आगगाडीने निघाली. अंगावर चांगले कपडे, डोक्यावर जरीच्या टोप्या. मसूर स्टेशनवर उतरली, तर स्टेशनमास्तरला वाटले ही बामणाची पोरे आहेत. आपुलकीने चौकशी केली. पोरांनी खरी जात सांगितली आणि मास्तरचा चेहरा पालटला. एकही बैलगाडीवाला त्यांना घेईना. शेवटी दुप्पट भाडे देऊन गाडी मिळाली, तीही अशा अटीवर की, पोरांनी ती स्वतः हाकायची आणि गाडीवाल्याने बरोबर पायी चालायचे. रात्रभर प्रवास झाला. जवळ जेवण होते, पण वाटेत कुणी पाणी देईना, म्हणून उपाशीच राहावे लागले.

बघा, खिशात पैसा होता, अंगावर चांगले कपडे होते, तरी जात आडवी आली. दहा वर्षांच्या पोराला हा पहिला धडा मिळाला.

शिक्षण पुरे झाले म्हणून हा धडा संपला नाही. बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या शिष्यवृत्तीवर अमेरिकेत कोलंबिया विद्यापीठात शिकून ते १९१७ साली बडोद्याला नोकरीवर गेले. हाताखालचा शिपाई लांबून कागद टाकायचा. राहायला घर मिळेना. पारशी धर्मशाळेत नाव लपवून राहिले, तर थोड्याच दिवसांत काठ्या घेतलेला जमाव दारात उभा राहिला. खोली सोडावी लागली.

त्याच्याही पुढची गोष्ट १९२९ ची. तोपर्यंत ते बॅरिस्टर, मुंबई कायदेमंडळाचे सभासद झालेले. चाळीसगाव स्टेशनवर उतरले, तर टांगेवाले अस्पृश्याचा टांगा हाकायला तयार होईनात. आपल्या लोकांनी टांगा भाड्याने घेतला आणि हाकायला आपल्यातलाच एक माणूस बसवला. त्याला टांग्याची सवय नव्हती. पुलाजवळ टांगा उलटला, बाबासाहेब खाली फेकले गेले आणि त्यांचा पाय मोडला. टांगेवाला गरीब माणूस, रोजच्या कमाईवर जगणारा. तरी त्याला वाटत होते की मी या बॅरिस्टरापेक्षा वरचा आहे. गरिबी त्याला खाली ओढत होती, जात वर बसवत होती. आपल्या देशातला गरीब गरिबाशी का जोडला जात नाही, याचे उत्तर त्या टांग्यात आहे.

बाबासाहेबांनी त्याला श्रेणीबद्ध विषमता असे नाव दिले. प्रत्येकाच्या डोक्यावर कुणाचा तरी पाय आहे आणि प्रत्येकाच्या पायाखाली कुणाचे तरी डोके आहे. वरचा पाय काढायचा, तर आपलाही पाय उचलावा लागतो. तिथेच माणूस अडतो.

जात टिकते ती बाईला बांधून

९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात बाबासाहेबांनी भारतातील जातींवर एक निबंध वाचला. वय होते पंचवीस. त्यात त्यांनी दाखवून दिले की, जातीच्या आतच लग्न करायचे हा नियम म्हणजे जातीचे मूळ. हा नियम पाळायचा, तर बाईवर पहारा ठेवावा लागतो. नवरा मेला तर तिला जाळायची, नाहीतर जन्मभर विधवा म्हणून कोंडायची, नाहीतर नीट समज येण्याआधीच लग्न लावून टाकायचे. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह या तिन्ही रूढी जातीची भिंत उभी राहावी म्हणून आल्या, असे त्यांनी मांडले. म्हणजे जातीचा प्रश्न वेगळा आणि बाईचा प्रश्न वेगळा, असे नाहीच. त्याआधी जोतिबा आणि सावित्रीबाईंनी शूद्र-अतिशूद्र आणि स्त्रिया यांचे दुःख एकाच जागी पाहिले होते. बाबासाहेबांनी त्याची शास्त्रशुद्ध मांडणी केली.

इथे माता रमाईंची आठवण केल्याशिवाय पुढे जाता येत नाही. बाबासाहेब परदेशात ज्ञान मिळवत होते, तेव्हा संसाराचा गाडा मुंबईत रमाई ओढत होत्या. पोयबावडीजवळच्या बी.आय.टी. चाळीतल्या दोन खोल्या, माणसांचा गोतावळा आणि हातात पैसा नाही. पाच लेकरांपैकी चार डोळ्यांसमोर गेली, एकटे यशवंतराव राहिले. बाबासाहेबांच्या वाट्याला अस्पृश्यता आणि गरिबी आली. रमाईंच्या वाट्याला ती दोन्ही आली आणि वर बाईचा जन्म आला. २७ मे १९३५ रोजी त्या गेल्या. बाबासाहेबांना आपल्या यशाचे मोल कुणी मोजले ते माहीत होते. पाकिस्तानवरचा आपला ग्रंथ त्यांनी रमाईंच्या स्मृतीला अर्पण केला.

१९२७ साल आपण चवदार तळ्यासाठी लक्षात ठेवतो. २० मार्चला पाणी घेतले आणि २५ डिसेंबरला मनुस्मृती जाळली. त्या डिसेंबरच्या परिषदेच्या मंडपासाठी महाडात जागा कुणी देईना. शेवटी फत्तेखान नावाच्या मुसलमान गृहस्थांनी आपली जागा दिली. दहनाचा ठराव मांडला गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांनी, जे जन्माने ब्राह्मण होते. आपल्या जन्माने मिळालेला मोठेपणा बाजूला ठेवून माणूस उभा राहू शकतो, हे त्यांनी दाखवले. आणि जे पुस्तक जाळले ते शूद्राला जसे बांधते, तसेच बाईलाही बांधते. एकाच काडीने दोन्ही बेड्यांना आग लावली.

त्याच परिषदेत बाबासाहेब जमलेल्या बायकांशी वेगळे बोलले. अस्पृश्य म्हणून ओळखू यावे असा पेहराव आणि ते जड दागिने टाका, लुगडे नीट नेसा, मुलींना शाळेत घाला, असे त्यांनी सांगितले. घरोघरच्या आयाबायांनी ते लगेच अमलात आणले. पुरुषांना चळवळ शिकवायची आणि बायकांना फक्त भाकऱ्या बांधायला लावायचे, अशी त्यांची रीत नव्हती.

गिरणीतला धोटा

गिरणी कामगार म्हणून मला त्यांच्या आयुष्यातला पुढचा भाग सगळ्यात जवळचा वाटतो.

मुंबईच्या गिरण्यांत आपले लोक पहिल्यापासून होते, पण कुठे? सूत काढायच्या खात्यात, झाडलोटीला, बदलीवर. साचा खात्यात, म्हणजे कापड विणण्याच्या खात्यात, त्यांना मज्जाव होता आणि पगार तिथेच चांगला होता. कारण काय, तर कांडी संपली की धोट्यात नवी घालायची आणि सुताचे टोक धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून घ्यायचे, अशी त्या वेळी पद्धत होती. महाराच्या तोंडाला लागलेला धोटा मराठा विणकर तोंडाला कसा लावणार? ही बंदी मालकाने नोटीस लावून केलेली नव्हती. बरोबरच्या कामगारांनीच ती पाळली आणि मालकाने चालू दिली. मालकाचे त्यात काय जाते? कामगार आपसात वाटले गेले तर त्याचा फायदाच.

१९२८ साली मुंबईत गिरण्यांचा मोठा संप झाला. एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत तो चालला. बाबासाहेबांनी कामगार पुढाऱ्यांना विचारले की, सगळ्या कामगारांची एकी म्हणता, मग अस्पृश्याला साच्यावर बसायचा हक्क तुमच्या मागण्यांत का नाही? ही मागणी घातली नाही तर आमचे लोक तुमच्याबरोबर राहणार नाहीत, असा इशारा त्यांना द्यावा लागला. तेव्हा कुठे नाखुषीने ती मागणी घेतली गेली. मालकांनी हात वर केले की, हा अन्याय असला तरी तो आमचा नाही. १९२९ च्या संपाला बाबासाहेबांनी पाठिंबा दिला नाही. त्यावरून त्यांच्यावर टीकाही झाली. पण जो संप आपल्याच बाजूच्या माणसाला पोटात घेत नाही, त्यात सर्वात आधी उपाशी कोण मरतो, हा त्यांचा सवाल खोटा नव्हता.

त्याच १९२८ साली, जुलै महिन्यात, ते कायदेमंडळात कामगार बायांच्या बाळंतपणाच्या बिलावर बोलले. बाळंतपणाच्या आधी आणि नंतर बाईला विसावा आणि पैसा मिळालाच पाहिजे, त्यात साऱ्या राष्ट्राचे हित आहे. खर्चाचा मोठा वाटा सरकारने उचलावा, पण बाईच्या कामाचा नफा घेणाऱ्या मालकानेही आपला भाग सोसावा, अशी त्यांची भूमिका होती. पुढच्या वर्षी मुंबई प्रांतात तो कायदा झाला. संपात ते कामगारांना जात विचारत होते आणि कायदेमंडळात कामगारांतल्या बाईची बाजू घेत होते. जिथे जी गोष्ट लपवली जाते, तिथे तीच उघड करायची, ही त्यांची रीत.

१९३६ साली त्यांनी स्वतंत्र मजूर पक्ष काढला. नाव बघा, जातीचे नाही, मजुराचे आहे. अनंतराव चित्रे, शामराव परुळेकर यांच्यासारखे सवर्ण कार्यकर्ते त्यात होते. त्याच वर्षी जून महिन्यात परळच्या दामोदर हॉलमध्ये मुरळ्या, जोगतिणी, देवदासी यांची सभा झाली. ज्यांच्याकडे बघायला आपलेच लोक लाजत, त्या बायांना बाबासाहेबांनी समोर बसवून सांगितले की, हा धंदा सोडा, कष्ट पडले तरी मानाने जगा. देवाच्या नावाने सोडलेली मुलगी बहुतेक वेळा कुणाच्या घरातली असायची? अस्पृश्याच्या आणि गरिबाच्या. तिन्ही ओझी एकाच डोक्यावर कशी येतात, याचे दुसरे उदाहरण शोधायला नको.

१९३७ मध्ये त्यांनी कोकणातली खोती नष्ट करण्याचे बिल आणले. १० जानेवारी १९३८ रोजी हजारो शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईच्या कौन्सिल हॉलवर नेला. त्यात कुणबीही होते, महारही होते. पुढच्याच महिन्यात मनमाडला रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांची परिषद झाली. तिथे त्यांनी सांगितले की, आपल्या कामगारांचे शत्रू दोन आहेत, ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही. ब्राह्मणशाही म्हणजे ब्राह्मण माणूस नव्हे, समता आणि बंधुता नाकारणारी वृत्ती, आणि ती सगळ्या जातींत शिरली आहे, हेही समजावले. रेल्वेतला अस्पृश्य कामगार गँगमन म्हणून लागतो आणि गँगमन म्हणूनच म्हातारा होतो. त्याला पोर्टरची जागासुद्धा मिळत नाही, कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरचेही काम करावे लागते आणि तिथे विटाळ आडवा येतो. जातीने पगार ठरतो तो असा.

आणि तरीही ७ नोव्हेंबर १९३८ रोजी, संपाच्या हक्कावर गदा आणणाऱ्या कायद्याविरुद्ध मुंबईत एक दिवसाचा संप झाला, तेव्हा बाबासाहेब कम्युनिस्टांच्या खांद्याला खांदा लावून उभे राहिले. ज्यांच्याशी दहा वर्षांपूर्वी खटका उडाला होता, तेच हे लोक. संपाचा हक्क म्हणजे माणसाच्या स्वातंत्र्याचा हक्क, ही त्यांची भूमिका होती. जातीसाठी भांडणारा माणूस कामगारांची एकी फोडतो, असे जे म्हणतात त्यांनी ही तारीख लक्षात ठेवावी.

सत्तेच्या खुर्चीत बसून

१९४२ च्या जुलैत ते व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर मंत्री झाले. त्याच महिन्यात नागपूरला आपल्या महिलांची परिषद झाली, अध्यक्ष होत्या सुलोचनाबाई डोंगरे. बायांनीच ठराव केले. नवऱ्यापासून काडीमोड घ्यायचा हक्क हवा, एका नवऱ्याला अनेक बायका नकोत, गिरणीतल्या आणि विडी वळणाऱ्या बायांची स्थिती सुधारा. देश अजून स्वतंत्र व्हायचा होता आणि आपल्या आयाबाया हे मागत होत्या.

मजूर मंत्री असताना ते कोळशाच्या खाणीत स्वतः उतरले. आठवड्याचे कामाचे तास चोपन्नवरून अठ्ठेचाळीसवर आणणारे बिल त्यांच्याच काळात १९४६ साली आले. युद्धात कोळसा कमी पडतो म्हणून सरकारने १९४३ मध्ये बायांना खाणीच्या पोटात कामाला लावायची बंदी उठवली. तो निर्णय त्यांच्या खात्याचा होता आणि त्यावर टीका झाली. बाईला पुरुषाइतकीच मजुरी मिळेल, हे मात्र त्यांनी मांडले. १९४६ मध्ये बंदी पुन्हा लागू झाली. हेही लिहिले पाहिजे, कारण चरित्र म्हणजे आरती नव्हे.

मग घटना आली. धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान यांवरून भेद करायचा नाही, हे कलम १५ मध्ये एका ओळीत बसवले आहे. जात आणि लिंग एकाच ओळीत! समान कामाला स्त्री-पुरुषांना समान वेतन हे कलम ३९ मध्ये आहे. भांडी घासणाऱ्या बाईला आणि गिरणीमालकाला सारखेच एक मत आहे.

आणि शेवटी हिंदू कोड बिल. बाईला वारसा, घटस्फोट, एकपत्नीत्व आणि जातीची अट न ठेवता लग्न, असा तो कायदा होता. १९१६ साली जे सांगितले की जात टिकते ती बाईला बांधून, ती गाठ पस्तीस वर्षांनी कायद्याने सोडवायला ते उभे राहिले. बिलाचा सर्वात जास्त लाभ सवर्ण बायकांना होणार होता. बाबासाहेबांनी तो हिशोब केला नाही. बिल रखडले, तेव्हा सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. कारणे आणखीही होती, पण हे मोठे कारण होते. पुढे १९५५-५६ मध्ये त्याच बिलाचे तुकडे वेगवेगळे कायदे म्हणून मंजूर झाले.

उपाली आणि पुण्णिका

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला त्यांनी लाखोंना धम्म दिला. पुरुषांना जी दीक्षा दिली, तीच बायकांना दिली. बावीस प्रतिज्ञा दोघांना सारख्या. ६ डिसेंबरला दिल्लीत त्यांचे महापरिनिर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी दादरच्या चौपाटीवर जो जनसागर लोटला, त्यात परळ-लालबागचा गिरणी कामगार होता आणि पोर काखेला मारून आलेली त्याची घरवालीही होती.

बुद्धाचाच धम्म का निवडला? त्याची अनेक उत्तरे आहेत. मला दोन गोष्टी आठवतात. शाक्य राजपुत्र संघात यायला निघाले, तेव्हा त्यांच्याबरोबर उपाली नावाचा न्हावी होता. राजपुत्रांनी विनंती केली की, आधी उपालीला प्रव्रज्या द्या, म्हणजे तो आमच्यापेक्षा वडील ठरेल, आम्हाला त्याला वंदन करावे लागेल आणि आमचा कुळाचा ताठा जाईल. भगवंतांनी तसेच केले. दुसरी गोष्ट पुण्णिकेची. ही अनाथपिंडिकाच्या घरची पाणी भरणारी दासी. बाईही, गुलामही. थंडीत नदीत बुडून पाप धुणाऱ्या ब्राह्मणाला तिने निरुत्तर केले आणि पुढे ती थेरी झाली.

आता आपल्या विहाराकडे बघू. जात आपण टाकली, असे आपण म्हणतो. पण वर्षावासात ग्रंथवाचनाला सतरंजीवर नव्वद टक्के कोण बसते? आपल्या माता-भगिनी. खीर कोण करते? त्याच. आणि कार्यकारिणीच्या खुर्चीवर, हिशोबाच्या वहीवर, माईकवर कोण असते? आपण पुरुष. शिकून सोसायटीत राहायला गेलेला आपला साहेब वस्तीतल्या कंत्राटी सफाई कामगाराला किती वेळा आपल्या घरी पाट देतो? मातंग, चर्मकार, वाल्मीकी शेजाऱ्याला आपण पंगतीला बोलावतो, पण सोयरीक म्हटली की पोटजात का आठवते? वरच्याचा पाय दिसतो, आपला पाय दिसत नाही. बाबासाहेबांचे सारे आयुष्य हा दुसरा पाय दाखवण्यात गेले.

म्हणून या वर्धापनदिनी माझी सर्व पदाधिकाऱ्यांना हात जोडून विनंती आहे. पुढच्या कार्यकारिणीत निम्म्या जागा भगिनींना द्याव्यात, त्याही नावापुरत्या नाहीत. खजिनदारपद आणि वही त्यांच्या हाती असावी. खीर पुरुषांनी ढवळावी, करपली तरी चालेल. आणि वस्तीतल्या सफाई कामगार भगिनींपैकी एकीला पहिल्या दिवशी धम्मध्वज उभारायचा मान द्यावा. राजपुत्रांनी आधी उपालीला पुढे केले. आपण तर राजपुत्रही नाही.

जयभीम! नमो बुद्धाय!